लेट्यूसचा उन्हाळा

मीरा, ईशान,

परवा फोनवर तुम्ही जेवायला बसला होतात. मीरा, तू काट्याने एक हिरवं पान उचलून माझ्यासमोर धरलंस आणि विचारलंस, "आजी, तुमच्या गावात लेट्यूस मिळतं?" मी म्हणाले, मिळतं. मग मी विचारलं, यंदा येणार कधी? ईशान म्हणाला, "केव्हाही येऊ, आजी." तेवढ्यात तुमची निघायची घाई झाली आणि फोन बंद झाला.

मी बराच वेळ खुर्चीतच बसून राहिले. हेच उत्तर, जवळजवळ याच आवाजात, मी पूर्वीही ऐकलं होतं. तेव्हा तुमचे बाबा पंचवीस वर्षांचे होते. आणि लेट्यूसचं म्हणाल तर 'मिळतं' हे उत्तर खोटं नाही, पण त्यातून तुम्हाला काहीच कळलं नाही. म्हणून हे लिहायला घेतलं. बाबा सांगतात की तुम्ही दोघं आता मराठी वाचता. एखादा शब्द अडला तर त्यांनाच विचारा. यातली एक गोष्ट त्यांनाही ठाऊक नाही. विचारता विचारता त्यांना कळली, तर कळू द्या. इतकी वर्षं ती न सांगण्याला कारण होतं. आता ते उरलेलं नाही.

इथं मे महिना चालू आहे. सकाळी सातलाच भिंतीला हात लावला तर ती कोमट लागते. नळाला पाणी चार-पाच दिवसांनी येतं, आणि ज्या दिवशी येतं त्या दिवशी सगळी गल्ली बादल्यांच्या आवाजाने जागी होते. दुपारी रस्त्यावर माणूस दिसत नाही. घराघरांतल्या कूलरची घरघर तेवढी ऐकू येते, आणि जाळीतला वाळा भिजल्याचा वास. माझ्या घरात दिवसभरात बोलणारा आवाज म्हटला तर तो कूलरच. मी त्याच्या वेळा ठरवल्या आहेत. बारा ते चार चालू, मग बंद. बंद केल्यावर घर इतकं शांत होतं, की स्वयंपाकघरातल्या माठातून थेंब वाळूत पडतो तोसुद्धा ऐकू येतो.

मला वेळा ठरवायची सवय पहिल्यापासून आहे. पोलीस ॲक्शननंतर दोन वर्षांनी माझा जन्म झाला. माझे वडील निजामाच्या राज्यात उर्दूतून शिकलेले, कचेरीत उर्दूतून काम केलेले. राज्य बदललं तशी कचेरीची भाषा बदलली, आणि चाळिशीच्या माणसाला संध्याकाळी कंदिलापाशी बसून सरकारी पत्रं नव्याने लिहायला शिकावं लागलं. पुढं आणखी काही बदललं तर मुलगी अडायला नको, म्हणून त्यांनी मला इंग्रजी शाळेत घातलं. शाळेत सिस्टर लोकांची भाजीची बाग होती. आठवड्यातून एक तास आम्हा मुलींना तिथं काम असे. लेट्यूस मी पहिल्यांदा तिथं पाहिलं. सिस्टर सांगत, बाहेरची पानं खुडायची, आतला गाभा ठेवायचा, रोप उपटायचं नाही. मला त्या पानांची चव आवडली नव्हती. पाणी चावल्यासारखं वाटलं होतं. पण सरळ ओळीत वाढणारी ती फिकट हिरवी रोपं बघायला आवडायची.

त्यानंतर पंचवीस-तीस वर्षं मला लेट्यूसची आठवणही झाली नाही. लग्न होऊन मी तुमच्या आजोबांच्या घरी आले. ते मूळचे गंगापूरकडचे, ऊस आणि कापूस करणाऱ्या घरातले, शहरात सरकारी नोकरीला लागलेले. बोलणं कमी, आणि जे बोलायचं ते गावाकडच्या बोलीत. घरामागं जागा होती. तिथं मेथी, कोथिंबीर, थोडी वांगी असायची. तुमच्या बाबांना, अजितला, हिवाळ्यात करडईची कोवळी भाजी लागायची. भाकरीवर घालून तो उभ्यानेच खाऊन शाळेत पळायचा.

मग अजित अमेरिकेला गेला. तेव्हा फोन महाग होता. रविवारी पाच मिनिटं बोलणं व्हायचं, आणि त्यातलं एक मिनिट 'ऐकू येतंय का' यात जायचं. मी दर वेळी दोनच गोष्टी विचारायची. काय जेवतोस, आणि कधी येशील.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर ठरलेलं असे. "सलाड खातो गं आई. इथं सगळे तेच खातात. लेट्यूस, टोमॅटो. करायला सोपं पडतं."

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तरही ठरलेलं. "सुट्टीचं काही सांगता येत नाही. केव्हाही येईन."

आता माझी चूक सांगते. मी ही दोन उत्तरं जोडली. मुलगा रोज जे खातो ते त्याला आवडत असणार, आणि तो केव्हाही येणार, म्हणजे ते आपल्या घरी बारा महिने तयार पाहिजे. आता लिहिताना मला याचं हसू येतं. पण ज्या आईचं मूल समोर बसून जेवत नाही, तिचा विचार असाच चालतो. त्याला काय हवं असेल हे विचारायला पाच मिनिटं पुरत नाहीत. मग ती अंदाज करते आणि त्या अंदाजाला खतपाणी घालत राहते.

छावणीतल्या एका म्हाताऱ्या माळ्याकडून मी बी आणलं. साहेब लोकांच्या बंगल्यांवर त्याने पूर्वी हीच कामं केलेली. तो त्याला 'सलाडपत्ता' म्हणायचा. बी पेरल्यावर साधारण चाळीस दिवसांनी पानं खुडायला येतात आणि तीनेक आठवडे पुरतात. म्हणजे दर पंधरा दिवसांनी नवं बी टाकलं, तर एक वाफा नेहमी खाण्याजोगा राहतो. मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर दर महिन्याच्या एक आणि सोळा तारखेला हिरव्या शाईने ठिपका देऊ लागले. हिवाळ्यात काही करावं लागलं नाही, रोपं आपोआप वाढली. पावसाळ्यात पानं सडायची, गोगलगाई यायच्या, म्हणून वर पत्रा बांधला आणि वाफ्याभोवती राख टाकली. राहिले मार्चअखेरपासून जूनपर्यंतचे दिवस. त्या दिवसांत पहिल्या वर्षी एकही रोप जगलं नाही. आणि माझ्या मनात तेच बसलं, की हा नेमका त्या तीन महिन्यांत आला तर?

दुसऱ्या वर्षीचा उन्हाळा म्हणजे तो उन्हाळा.

फेब्रुवारीत पेरलेली रोपं मार्चच्या शेवटच्या आठवड्यात ताठ उभी राहिली. मला आनंद झाला. दोन दिवसांनी पाहते तर मधला दांडा वर निघालेला. पान तोडलं तर देठातून पांढरा चीक आला, आणि पान कारल्यासारखं कडू. ऊन वाढलं की लेट्यूस खाण्याजोगं राहत नाही, फुलायच्या मागं लागतं. ती सगळी रोपं मी उपटली. नवं बी टाकलं, तर ते उगवलंच नाही. पुन्हा टाकलं, ते मुंग्यांनी नेलं.

तुमचे आजोबा ऑफिसातून आले की मला वाफ्यापाशी उकिडवी बसलेली बघायचे. एकदा बूट काढता काढता म्हणाले, "शेळी पाळायची का आता? चारा तर लई जोरात चाललाय."

"अजितसाठी आहे."

"अजित आहे कुठं?"

त्यांना टोचायचं नव्हतं. त्यांचं बोलणंच तसं होतं. पण मी त्या दिवशी त्यांना चहा दिला आणि समोर न बसता आत निघून गेले.

शेजारी रजिया आपा राहायच्या. मधली भिंत छातीएवढी होती. त्यांच्याकडे तीन शेळ्या होत्या, आणि माझी कडू रोपं त्या शेळ्यांनाच जायची. एका दुपारी त्या भिंतीवर कोपर टेकून बघत राहिल्या.

"भाभी, इत्ती धूप में? इस घास का इत्ता लाड कायकू?"

"बेटा खाता है उधर. अमरीका में."

"अमरीका जाके ये खाता? ये तो मेरी बकरियाँ यहींच बैठके खा रहीं." मग माझा चेहरा बघून त्यांनी आवाज उतरवला. "बीज उगताच नै क्या? माठ के नीचे की रेती में डालो. हमारी अम्मी गर्मी में धनिया वहींच उगाती थीं. ठंडा रहता वो, दिन भर पानी टपकता."

माझं इंग्रजी शिक्षण, कॅलेंडर, ठिपके, आणि हे मला सुचलं नव्हतं. आमच्याकडेही माठ तिवईवर असायचा आणि खाली परातीत ओली वाळू. त्या वाळूवर मी बी भुरभुरलं. चौथ्या दिवशी सकाळी माठ भरायला वाकले तर वाळूवर हिरवी लव आलेली. मी तिथंच फरशीवर बसले. घरात कुणी नव्हतं, नाहीतर कुणाला तरी हाक मारली असती.

पुढचं सगळं त्या बोटभर रोपांना उन्हातून काढण्याचं काम. घराच्या उत्तरेला खिडकीत कूलर होता. त्याच्या टाकीतून पाणी झिरपायचं, त्याच्या खालीच नवा वाफा केला. वर माझं जुनं सुती लुगडं दुहेरी करून बांधलं. तांदूळ-डाळ धुतलेलं पाणी, भाजी धुतलेलं पाणी, सगळं तिकडं जायचं. पहाटे उठून पानांना हात लावून बघायची. त्या वेळेला पान गार असायचं, आणि दिवसभरात पुन्हा तसं गार काही हाताला लागायचं नाही. मे उजाडला. शेजारच्या घराच्या अंगणातला कढीलिंबसुद्धा करपला, पण कूलरखाली चार फुटांच्या जागेत माझं लेट्यूस उभं होतं.

आणि अजितचा फोन आला. अचानक सुट्टी मिळाली आहे, येतो आहे, अकरा दिवस.

फोन ठेवून मी आधी कॅलेंडर बघितलं. तो येईल त्या दिवशी रोपांना बेचाळीस दिवस होत होते.

तो सकाळच्या गाडीने आला. बारीक झाला होता. पहिला दिवस तो झोपला. दुसऱ्या दिवशी आपांनी नान आणि पातेलंभर खलिया, म्हणजे मटणाचा रस्सा, पाठवला, वर निरोप, "बच्चे कू बोलो, घास नक्को खा." तिसऱ्या दिवशी गंगापूरला जाणं झालं. तिथं काकूने पुरण घातलं, आमरस केला, त्याला उठू दिलं नाही. चौथ्या दिवशी रात्रीचं जेवण पहिल्यांदा आमच्या तिघांचं होतं. मी उन्हं उतरल्यावर पानं खुडली, माठाच्या पाण्यात ठेवली, लिंबू, मीठ, मिरपूड घातली आणि मोठा काचेचा वाडगा मधोमध ठेवला. त्यानेच बघावं असं वाटत होतं.

त्याने बघितलं आणि तो हसला.

"आई, इथंही हे? तिकडं दुपारी रोज हेच गं. डब्यात हे, बाहेर गेलं तरी हे. वीट आलाय." मग भाकरी मोडत म्हणाला, "करडईची भाजी नाही का?"

"मे महिन्यात कुठली करडई, बाळा?"

"हो की. मी महिनेच विसरून गेलोय."

त्याने वाडगा हलकेच बाजूला सारला. त्याच्या मनात काहीही नव्हतं. त्याला ठाऊकच नव्हतं, तर तो काय करणार? मी आमटी वाढायला उठले, कारण मला तोंड फिरवायचं होतं.

मागून तुमच्या आजोबांचा आवाज आला. "इकडं दे तो वाडगा."

मी वळून बघितलं तर ते पानं खात होते. कच्चा पाला म्हणून ज्यांनी उभ्या जन्मात कांद्याची पातसुद्धा तोंडी लावली नव्हती, ते एकामागून एक पान तोंडात घालत होते आणि समोरच्या भिंतीकडे बघत चावत होते.

अजित म्हणाला, "अण्णा, तुम्ही कधीपासून हे खायला लागलात?"

"डॉक्टरनं सांगितलंय. रोज खातो."

कुठल्याही डॉक्टरने काही सांगितलेलं नव्हतं. मी आमटीचा डाव हातात धरून उभी होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. वाडगा रिकामा केला आणि म्हणाले, "कडू नाय आज."

अजितला फार बरं वाटलं. आई अण्णांसाठी मे महिन्यात लेट्यूस पिकवते, हे त्याने दुसऱ्या दिवशी आपांना सांगितलं, गावाकडं सांगितलं. आपा माझ्याकडे बघून गप्प राहिल्या. त्या कधी गप्प राहत नसत. आणि तुमच्या आजोबांना, एकदा बोलून गेल्यामुळे, उरलेले सात दिवस रोज रात्री वाडगाभर पानं खावी लागली.

मुलांनो, तुमच्या बाबांना आजही हेच खरं वाटतं. फोनवर ते कितीतरी वर्षं विचारायचे, "अण्णांचं सलाड चालू आहे ना?" आणि मी म्हणायची, चालू आहे. त्यांना खरं सांगितलं असतं तर तो वाडगा त्यांच्या मनातून कधी हलला नसता. तुमचे आजोबा खोटं बोलले ते तेवढ्यासाठीच. माझ्यासाठी, आणि अजितसाठीही. आज तुमचे बाबा तेव्हाच्या माझ्या वयाच्या पुढं गेले आहेत. आता त्यांना ते झेपेल.

अकरा दिवसांनी अजित परत गेल्यावर घर कसं झालं ते मी लिहीत नाही. सोळा तारीख आली. मी बी काढलं नाही. दुपारी कूलर लावून पडून राहिले. संध्याकाळी तुमचे आजोबा ऑफिसातून आले आणि बूट न काढताच कॅलेंडरसमोर उभे राहिले.

"आज ठिपका आहे."

"असू दे."

"बी टाकलं नाय?"

"कुणासाठी?"

त्यांनी ठिपक्यावर बोट ठेवलं. मग म्हणाले, "मला लागतं."

"तुम्हाला आवडत नाही ते. मला माहीत आहे."

"आवडत नाय. पण लागतं."

आणि त्यांनी फडताळातली बियांची डबी काढली आणि स्वतः मागं गेले. मी खिडकीतून बघत होते. त्यांनी सरकी टोबतात तसं केलं. बोटाने पेरभर खोल भोक, त्यात दोन दाणे, वर माती, वरून पायाने दाबलं. पुढच्या भोकाला टीचभर अंतर. लेट्यूसचं बी तिळापेक्षा हलकं असतं. ते मातीवर नुसतं भुरभुरायचं, त्याला उजेड लागतो. पेरभर खाली गेलं की ते कधीच वर येत नाही. मला हे सांगता आलं असतं. पण ऑफिसच्या कपड्यांत, बूट घालून, घामाने भिजलेला तो माणूस इतक्या मन लावून पेरत होता, की मी पडदा सोडून दिला.

आठ दिवस ते रोज सकाळी जाऊन बघून यायचे. नवव्या दिवशी म्हणाले, "बी खराब दिसतंय."

"येईल. वेळ लागतो," मी म्हणाले.

त्याआधीच मी माठाखालच्या वाळूत दुसरं बी टाकून ठेवलं होतं. ते ऑफिसला गेल्यावर त्यातली रोपं त्यांच्या भोकांवर, टीच टीच अंतर ठेवून लावली. संध्याकाळी त्यांनी ती बघितली. बराच वेळ वाकून बघितली. एका दिवसात दोन-दोन पानांची रोपं उगवत नाहीत हे गंगापूरच्या शेतकऱ्याच्या मुलाला कळलं नसेल असं मला वाटत नाही. आत येऊन ते एवढंच म्हणाले, "आली."

त्यानंतर ते असेपर्यंत त्यांनी रोज रात्री पानं खाल्ली. आवडली कधीच नाहीत. चावताना भिंतीकडे बघण्याची सवय शेवटपर्यंत राहिली. कधी मी म्हणायची, आज राहू द्या. ते म्हणायचे, "डॉक्टर रागवंल." आम्ही दोघंही हसायचो नाही. पण जेवण त्या वाडग्यापाशी पाच-दहा मिनिटं जास्त रेंगाळायचं. मुलगा गेल्यानंतर आमच्यात एवढंच बोलणं वाढलं असेल, पाच-दहा मिनिटांचं, पण ते रोज झालं.

तुम्ही लहान असताना दोनदा आलात, दोन्ही वेळा तुमच्या शाळेच्या सुट्टीत, जूनमध्ये. तुम्हाला आठवणार नाही. ईशान तर मांडीवरचा होता. करडई हिवाळ्यात येते, आणि तिची पानं कोवळी असतात ते दिवस थोडे. मी दर वर्षी थोडी पेरते. तुमचे बाबा अजून हिवाळ्यात आलेले नाहीत. ही तक्रार नाही. तुमची सुट्टी आणि इथली करडई यांचा मेळ बसत नाही, इतकंच. करडईला मी बारमाही करायला गेले नाही. जे त्यांना खरंच हवं होतं, ते त्याच्या मोसमातच राहू दिलं.

तुमचे आजोबा जाऊन सहा वर्षं झाली. रजिया आपा मुकुंदवाडीला मुलीकडे राहायला गेल्या. त्यांच्या घराच्या जागी तीन मजली इमारत झाली आहे. तिच्या खिडक्यांतून कुणी बोलत नाही, पण तिची सावली दुपारी बारानंतर माझ्या वाफ्यावर पडते. आता लुगडं बांधावं लागत नाही. उन्हाळ्यातलं लेट्यूस पूर्वीपेक्षा सोपं झालं आहे. ज्या वर्षी ते सोपं झालं, त्या वर्षी ते खाणारं कुणी घरात नव्हतं.

आजोबा गेल्यानंतरच्या पहिल्या सोळा तारखेला मी पुष्कळ वेळ बियांची डबी हातात घेऊन बसले होते. बी न टाकायला सगळी कारणं होती. मग उठून टाकलं. का टाकलं, ते मला आजही नीट सांगता येत नाही. वाट बघण्यासाठी नव्हे. तेवढं मी शिकले आहे. तुम्ही या, जमेल तेव्हा या. पण तुमच्यासाठी वाफा राखून ठेवला आहे असं समजू नका. काय खावंसं वाटतं ते आल्यावर सांगा, त्या दिवशी जे मिळेल ते करू.

घराच्या उत्तरेला वाफा आहे. आज त्यात एकोणीस रोपं आहेत, टीच टीच अंतरावर. रोज रात्री त्यातली वाडगाभर पानं मी खाते.